तळहातावरचा तारा

‘द वुल्फ मॅन’ या १९४१ सालच्या अमेरिकी भयपटात चार ओळींचे एक कवन पुन्हा पुन्हा ऐकू येते. दुकानातली तरुणी ते म्हणून दाखवते, तिच्या मैत्रिणीला ते पाठ असते, हवेलीतल्या वयस्क जमीनदारालाही ठाऊक असते. निर्मळ मनाच्या माणसाचाही लांडगा होऊ शकतो, असा त्याचा आशय. सगळे ते इतक्या सहजपणे म्हणतात, की आजीकडून नातीकडे शतकानुशतके चालत आलेले असावे असे वाटते. प्रेक्षकांना तसेच वाटले. पुढे कित्येक वर्षे हे मध्य युरोपातले जुने लोककाव्य समजले जात होते. प्रत्यक्षात ते हॉलिवूडच्या युनिव्हर्सल स्टुडिओतल्या एका पगारी लेखकाने चित्रपटासाठी रचले होते. इंग्रजी ही त्याची मायबोलीही नव्हती. त्याचे नाव कर्ट सिओडमाक.

भयपटांच्या शौकिनांना लांडग्याची भूमिका करणारा लॉन चेनी ज्युनियर माहीत असतो. जॅक पिअर्सने तासन्‌तास खपून याकचे केस चिकटवत केलेली रंगभूषाही माहीत असते. कथा कोणाची, असे विचारले तर मात्र बहुतेक जण अडखळतात. ज्याने या प्राण्याला स्वभाव दिला, शाप दिला, मरणाची रीत ठरवून दिली, तो लेखक श्रेयनामावलीतल्या एका ओळीपुरता उरला. त्याच्या आयुष्याकडे पाहिल्यावर ही कथा त्याच्याच हातून का लिहिली गेली, ते कळू लागते.

सिओडमाकचा जन्म १० ऑगस्ट १९०२ रोजी जर्मनीतल्या ड्रेस्डेन शहरात, एका ज्यू कुटुंबात झाला. थोरला भाऊ रॉबर्ट दोन वर्षांनी मोठा. तो पुढे दिग्दर्शक झाला आणि या दोघांची चढाओढ जन्मभर चालली. कर्टने झुरिकला जाऊन डॉक्टरेट मिळवली, पण जीव रमला तो लिहिण्यात. बर्लिनमध्ये तो वार्ताहर होता. फ्रिट्झ लांगच्या ‘मेट्रोपोलिस’चे चित्रीकरण चालू असताना पत्रकारांना आत सोडत नव्हते. कर्ट आणि त्याची भावी पत्नी हेन्रिएटा गर्दीतले किरकोळ नट म्हणून भरती झाले आणि आत शिरले. बातमी हवी तर माणसांच्या गर्दीत मिसळून ती मिळवायची, ही धमक त्याच्यात विशीतच होती.

१९३० साली बर्लिनमध्ये ‘मेन्शेन आम झोन्टाग’ हा मूकपट प्रदर्शित झाला. रविवारच्या सुट्टीत तळ्याकाठी जाणाऱ्या चार-पाच तरुण माणसांची ती साधी गोष्ट. कलाकार हौशी, पैसा जेमतेम. मूळ कल्पना कर्टची, दिग्दर्शन रॉबर्ट आणि एडगर उल्मर यांचे, लेखनात बिली वाइल्डर, कॅमेऱ्याच्या मदतीला फ्रेड झिनमन. एका लहानशा चित्रपटावर काम करणारी ही पोरे पुढल्या दहा वर्षांत जवळजवळ सगळीच्या सगळी देशाबाहेर पडली आणि हॉलिवूडच्या इतिहासात जाऊन बसली. जर्मनीने स्वतःच्या हाताने काय गमावले, त्याचा अंदाज या एका श्रेयनामावलीवरूनही येतो.

कर्टला खरे नाव मिळाले ते कादंबरीकार म्हणून. अटलांटिक महासागराच्या मधोमध विमाने उतरवण्यासाठी बांधलेला तरंगता तळ, ही त्याच्या ‘एफ.पी. १ उत्तर देत नाही’ या कादंबरीची कल्पना. उफा या मोठ्या जर्मन कंपनीने १९३२ साली कार्ल हार्टलच्या दिग्दर्शनाखाली तिचा चित्रपट केला. त्या काळच्या प्रथेप्रमाणे जर्मन, फ्रेंच आणि इंग्रजी अशा तीन आवृत्त्या निघाल्या. जर्मनमध्ये हान्स आल्बर्स, फ्रेंचमध्ये शार्ल बॉये, इंग्रजीत कॉनराड फाइट. तिशीतल्या लेखकाला याहून मोठे यश कोणते हवे?

पण चित्रपट पडद्यावर आला डिसेंबर १९३२ मध्ये आणि पुढच्याच महिन्यात हिटलर सत्तेवर बसला. मार्चअखेर उफाने आपल्याकडच्या ज्यू कर्मचाऱ्यांना काढून टाकण्याचा ठराव केला. नाझी प्रचारमंत्री गोबेल्सचे ज्यूविरोधी भाषण ऐकल्यावर सिओडमाकने फार वाट पाहिली नाही. तो देशाबाहेर पडला. ज्या भाषेत तो विचार करत होता, विनोद करत होता आणि पैसे कमावत होता, ती भाषा एका वर्षात त्याच्या उपजीविकेच्या कामाची राहिली नाही.

इंग्लंडमध्ये काही वर्षे निघाली. तिथे त्याने ‘द टनेल’ या १९३५ सालच्या चित्रपटावर काम केले. अटलांटिकच्या तळाखालून बोगदा खणण्याची ती कथा. १९३७ मध्ये तो अमेरिकेत आला. सुरुवातीला मिळेल ते काम घेतले. डोरोथी लामूरच्या एका जंगलपटाची कथाही लिहिली. मग जो मे हा जुना व्हिएन्नी दिग्दर्शक मदतीला आला. तोही निर्वासितच. ‘द इनव्हिजिबल मॅन रिटर्न्स’ (१९४०) तो करत होता आणि त्याने सिओडमाकला पटकथेवर घेतले. या चित्रपटाने युनिव्हर्सलचा दरवाजा उघडला. त्याच वर्षी ‘ब्लॅक फ्रायडे’मध्ये त्याने एका सज्जन प्राध्यापकाच्या डोक्यात गुंडाचा मेंदू बसवला. एका माणसाच्या आत दुसराच कोणी शिरतो आणि पहिल्याचे काही चालत नाही, हे सूत्र तेव्हापासून त्याच्या लेखनात दिसू लागते आणि शेवटपर्यंत सुटत नाही.

१९४१ साली निर्माता-दिग्दर्शक जॉर्ज वॅगनरने त्याला बोलावून जे काम दिले, त्याची आठवण सिओडमाक म्हातारपणी रंगवून सांगत असे. चित्रपटाचे नाव तयार होते: ‘द वुल्फ मॅन’. नट ठरले होते: लॉन चेनी, क्लॉड रेन्स, बेला लुगोसी, मारिया उस्पेन्स्काया. खर्चाची मर्यादा १ लाख ८० हजार डॉलर. चित्रीकरणाची तारीखही ठरली होती. फक्त कथा नव्हती. तेव्हाच्या स्टुडिओत हे नवल नव्हते. नाव आधी, नट नंतर आणि गोष्ट सर्वात शेवटी असाच क्रम असे. सिओडमाकने हाताशी असलेल्या थोड्या आठवड्यांत लोककथा, चेटक्यांच्या आख्यायिका धुंडाळल्या आणि टंकयंत्रापुढे बसला.

इथे हिशेब नीट मांडायला हवा, कारण सिओडमाकच्या नावावर नंतर सगळेच जमा केले गेले. माणसाचा लांडगा होतो ही समजूत युरोपात फार जुनी. पण जुन्या कथांतला असा माणूस सहसा स्वतःहून लांडगा होई: कातडे पांघरून, पट्टा बांधून, सैतानाशी करार करून. १५८९ साली कोलोनजवळच्या बेडबुर्गमध्ये पीटर स्टुम्प नावाच्या शेतकऱ्याला हालहाल करून मारले, तेव्हा त्याच्यावरचा आरोप सैतानाने दिलेल्या पट्ट्याचाच होता. युनिव्हर्सलनेही १९३५ मध्ये ‘वेअरवुल्फ ऑफ लंडन’ काढला होता आणि त्यात चावा घेतल्याने होणारी लागण आणि पौर्णिमा दोन्ही होत्या. तो फारसा चालला नाही. चांदीची गोळीसुद्धा चेटक्यांच्या गोष्टींत आधीपासून होती.

मग सिओडमाकचे काय? त्याने विखुरलेल्या वस्तू उचलून त्यांचा कायदा केला. लांडगा मरतो तो चांदीनेच: गोळी, सुरी किंवा चांदीच्या मुठीची काठी. जो चाव्यातून वाचतो, तो स्वतः लांडगा होतो. आणि बचनागाच्याच जातकुळीतल्या एका विषारी झाडाचा बहर त्याने कवनात गुंफला. गंमत अशी की पहिल्या चित्रपटात पौर्णिमेचा नियम नाहीच. कवनात चंद्र आहे तो शरदातला. दुसऱ्या भागात त्या ओळीत पूर्ण चंद्र आला आणि मग कायमचा बसला.

पण या सगळ्याहून मोठा बदल वेगळा होता. त्याच्या नायकाने काहीही केलेले नाही. त्याने सैतानाला बोलावले नाही, निषिद्ध प्रयोग केला नाही, कोणाचा सूड घेतला नाही. एका मुलीवर लांडगा तुटून पडला, हा मदतीला धावला आणि चावा बसला. फ्रँकेन्स्टाइनला गर्व नडतो, ड्रॅक्युला मुळातच दुष्ट. लॅरी टॅलबॉट मात्र चांगुलपणाची किंमत मोजतो. चांगले असणे हा बचाव नाही, हेच तर ते कवन सांगते.

मूळ संहितेत हा नायक जमीनदाराचा मुलगा नव्हता. तो लॅरी गिल नावाचा अमेरिकी तंत्रज्ञ होता आणि हवेलीत दुर्बीण बसवायला आला होता. तो खरोखर लांडगा होतो की त्याच्या मनाने घेतलेला तो भ्रम आहे, हेही सिओडमाकने संदिग्ध ठेवले होते. प्रेक्षकांनी जनावर पाहायचे ते त्याच्याच नजरेतून, प्रतिबिंबात. स्टुडिओने ते मान्य केले नाही. पिअर्सची रंगभूषा तयार असताना ती लपवणार कोण! व्यवसायाच्या हिशेबाने स्टुडिओ बरोबर ठरला. तरी ती पहिली कल्पना अधिक खोल होती, असे वाटल्याशिवाय राहत नाही. तिचे अवशेष चित्रपटात दिसतात: डॉक्टर आणि वडील शेवटपर्यंत त्याला सांगत राहतात की हा मनाचा आजार आहे.

आणि मग तो तारा. चित्रपटात लांडग्याला आपल्या पुढल्या भक्ष्याच्या तळहातावर पंचकोनी तारा दिसतो. इतर कोणालाही तो दिसत नाही. लुगोसीने साकारलेला जिप्सी एका मुलीचा हात बघता बघता दचकतो आणि तिला पळून जायला सांगतो. नंतर लॅरीला तोच तारा आपल्या आवडत्या मुलीच्या हातावर दिसतो. याला कुठल्याही लोककथेचा भक्कम आधार नाही. सप्टेंबर १९४१ मध्ये जर्मनीत ज्यूंना छातीवर पिवळा तारा लावण्याची सक्ती झाली. व्याप्त पोलंडमध्ये ताऱ्याच्या दंडपट्ट्या १९३९ च्या अखेरीपासूनच होत्या. ज्यूंचा तारा षट्‌कोनी, चित्रपटातला पंचकोनी. त्यामुळे एकाची सरळ नक्कल म्हणून दुसरा काढला असे म्हणणे धाडसाचे ठरेल. पण हिटलरच्या राज्यातून पळालेला ज्यू लेखक १९४१ साली अशी गोष्ट लिहितो, जिच्यात तारा उमटला की माणूस मरणार हे ठरते आणि मारणाऱ्यालाच तो दिसतो, हे नुसते योगायोगावर सोडता येत नाही.

उतारवयात सिओडमाकने स्वतःच ही गाठ उकलली. लांडगा म्हणजे मीच, असे तो म्हणाला. जर्मनीत ज्यू असणे हे त्याने निवडलेले नशीब नव्हते, ते त्याच्यावर लादले गेले होते. आणि आकाशातला चंद्र म्हणजे स्वस्तिक. हे स्पष्टीकरण अर्धशतकानंतरचे आहे, आणि लेखक आपल्या कामाकडे मागे वळून पाहताना त्यात अर्थ भरतात हेही खरे. तरीही चित्रपट पुन्हा पाहिला की त्याचा शब्द पटतो. लॅरी दिवसा शहाण्यासारखा वागतो, लोकांना विनवतो, स्वतःला बांधून घ्यायला तयार होतो. चर्चमध्ये शिरल्यावर सगळ्या माना त्याच्याकडे वळतात आणि त्याला बसायला पाऊल पुढे टाकता येत नाही. कालपर्यंतचे शेजारी आज टक लावून पाहतात, हा प्रसंग पाठ्यपुस्तकातून सुचणारा नव्हे.

या गोष्टीतली एकमेव माणुसकी जिप्सी म्हाताऱ्या मालेवाकडे दिली आहे, हेही ध्यानात घ्यावे असे. रशियन रंगकर्मी स्तानिस्लाव्हस्कीच्या परंपरेत घडलेल्या उस्पेन्स्कायाने ती भूमिका संथ, गंभीर लयीत केली. मेलेल्या मुलासाठी आणि नंतर लॅरीसाठी ती मुक्तीची प्रार्थना म्हणते. तेव्हा युरोपात रोमा, म्हणजे जिप्सी, लोकांवरही नाझींचा वरवंटा फिरत होता. शेवटी लॅरीचा जीव घेतात ते त्याचे वडीलच, चांदीच्या मुठीच्या काठीने, आणि जनावराचा चेहरा मावळून मुलाचा चेहरा वर आल्यावर त्यांना कळते आपण काय केले. या रचनेत ग्रीक शोकांतिकेची घडण आहे, असे एका प्राध्यापकाने सिओडमाकला कळवले होते. त्या पत्राचे त्याला फार अप्रूप होते.

चित्रपट प्रदर्शित झाला १२ डिसेंबर १९४१ ला. ७ तारखेला पर्ल हार्बरवर बॉम्ब पडले होते. युद्धात उतरलेल्या देशात भयपट पाहायला कोण येईल, अशी स्टुडिओला धास्ती होती. लोक आले आणि येत राहिले. सिओडमाक सांगे की या यशानंतर त्याने आठवड्याला २५ डॉलर वाढ मागितली आणि ती मिळाली नाही.

पुढल्याच वर्षी त्याने ‘इनव्हिजिबल एजंट’ लिहिला. अदृश्य माणूस थेट जर्मनीत उतरतो आणि नाझींची भंबेरी उडवतो. देशोधडीला लागलेल्या लेखकाला असा सूड कागदावर तरी घेता आला. जपानी अधिकाऱ्याच्या भूमिकेत पीटर लॉर होता, तोही बर्लिनमधून पळालेला ज्यू.

‘फ्रँकेन्स्टाइन मीट्स द वुल्फ मॅन’चा (१९४३) जन्म तर स्टुडिओच्या उपाहारगृहात झाला, असे सिओडमाक सांगे. त्याला मोटार घ्यायची होती आणि पुढचे काम हवे होते. गमतीने त्याने हे नाव वॅगनरसमोर टाकले. काही दिवसांनी वॅगनरने विचारले, मोटार घेतलीस का? घेऊन टाक, तो चित्रपट तूच लिहितो आहेस. दोन राक्षसांना एकमेकांसमोर उभे करण्याची जी रीत आज सगळीकडे दिसते, तिची सुरुवात ही.

या चित्रपटात अजून एक अपघात घडला. फ्रँकेन्स्टाइन मालिकेतल्या आधीच्या भागाचा धागा पकडून सिओडमाकने फ्रँकेन्स्टाइनचा राक्षस आंधळा ठेवला होता आणि त्याला संवाद दिले होते. ती भूमिका लुगोसीने केली. संवाद ऐकून हसू येते, असे ठरल्यावर ते सगळे कापले गेले आणि त्यांच्याबरोबर आंधळेपणाचे उल्लेखही गेले. उरला तो हात पुढे करून चाचपडत चालणारा लुगोसी, ज्याच्या चालीचे कारण प्रेक्षकांना कळेना. आज जगभर पोरे राक्षसाची नक्कल करताना दोन्ही हात ताठ पुढे धरतात, ती चाल तिथली.

त्याच वर्षी ‘सन ऑफ ड्रॅक्युला’ची कथा त्याने लिहिली. दिग्दर्शक म्हणून भाऊ रॉबर्ट आला आणि पटकथेचे काम दुसऱ्या लेखकाकडे गेले. कर्टच्या सांगण्याप्रमाणे ते रॉबर्टनेच घडवून आणले. दोघांतल्या चढाओढीचा तो ठरलेला खेळ होता. ड्रॅक्युलाचे नाव उलटे करून ‘अलुकार्ड’ हे टोपणनाव पहिल्यांदा त्या चित्रपटात आले आणि पुढे असंख्य लेखकांनी वापरले. रॉबर्टला ‘द किलर्स’साठी ऑस्करचे नामांकन मिळाले. कर्ट दुय्यम खर्चाच्या चित्रपटांतच राहिला.

आरकेओ स्टुडिओसाठी निर्माता व्हॅल ल्यूटनकडे त्याने ‘आय वॉक्ड विथ अ झॉम्बी’वर काम केले. श्रेय आर्डेल रे या लेखिकेबरोबर वाटून. ल्यूटन प्रत्येक संहितेवर शेवटचा हात स्वतः फिरवत असे, त्यामुळे त्या सुंदर चित्रपटात सिओडमाकचे नेमके किती, हे वेगळे काढणे अवघड.

त्याचे निर्विवाद स्वतःचे असे काम म्हणजे १९४२ ची ‘डोनोव्हन्स ब्रेन’ ही कादंबरी. विमान अपघातात मेलेल्या एका निर्दय धनाढ्याचा मेंदू शास्त्रज्ञ काचेच्या भांड्यात जिवंत ठेवतो आणि हळूहळू तो मेंदूच शास्त्रज्ञाला चालवू लागतो. ती आधी ‘ब्लॅक मास्क’ मासिकातून क्रमशः आली. ऑर्सन वेल्सने १९४४ मध्ये तिचे नभोनाट्य दोन भागांत केले. तिच्यावर तीन चित्रपट निघाले: १९४४, १९५३ आणि १९६२. मधल्या चित्रपटात नायिका नॅन्सी डेव्हिस होती, जी पुढे नॅन्सी रेगन म्हणून व्हाइट हाउसमध्ये गेली. भांड्यातला जिवंत मेंदू हे दृश्य विज्ञानकथांत नंतर इतके वापरले गेले, की त्यामागे कोणी एक लेखक आहे हे विसरले गेले.

कादंबरी आणि पटकथा यांतला फरक सिओडमाकला नेमका कळला होता. पगारावर लिहिलेल्या पटकथेचा मालक स्टुडिओ. तिचे दहा भाग निघोत, बाहुल्या विकल्या जावोत, लेखकाला छदाम नाही. कादंबरीचे हक्क लेखकाकडे राहतात आणि दर वेळी नव्याने विकता येतात. म्हणून तो आयुष्यभर कादंबऱ्या लिहीत राहिला. मेंदूच्याच विषयावर १९६८ मध्ये त्याने ‘हाउझर्स मेमरी’ लिहिली आणि तिच्यावरही दूरदर्शनपट झाला.

१९५० च्या दशकात त्याने दिग्दर्शनही केले. ‘ब्राइड ऑफ द गोरिला’ (१९५१) काय किंवा ब्राझीलमध्ये जाऊन केलेला ‘कुरुकु’ (१९५६) काय, हे चित्रपट आज पाहवत नाहीत, हे सांगितले पाहिजे. दृश्यांची जाण भावाकडे होती, याच्याकडे कल्पनांची. ‘द मॅग्नेटिक मॉन्स्टर’ (१९५३) मात्र वेगळ्या कारणाने लक्षात राहतो. त्याचा थरारक शेवट ‘गोल्ड’ या १९३४ सालच्या जर्मन चित्रपटातल्या प्रचंड यंत्रांच्या चित्रफितीतून जुळवला होता. ‘गोल्ड’ उफाचा, दिग्दर्शक कार्ल हार्टल, नायक हान्स आल्बर्स, म्हणजे ‘एफ.पी. १’चीच मंडळी, सिओडमाकला देश सोडावा लागल्यानंतरच्या वर्षात केलेले काम. ती चित्रफीत कापून त्याने आपल्या गोष्टीत बसवली.

कॅलिफोर्नियातल्या थ्री रिव्हर्स या डोंगराळ गावात तो पत्नीसह राहिला. १९९२ मध्ये जर्मनीने त्याला आपला मोठा नागरी सन्मान दिला आणि १९९८ च्या बर्लिन महोत्सवात दोन्ही सिओडमाक बंधूंच्या चित्रपटांचा विशेष विभाग झाला. १९९७ मध्ये अमेरिकी टपाल खात्याने चित्रपटांतल्या राक्षसांची तिकिटे काढली. त्यात लांडगा होता, चेहरा अर्थात चेनीचा. २ सप्टेंबर २००० रोजी, वयाच्या ९८ व्या वर्षी सिओडमाक वारला.

तोवर त्याचे नियम जगभर पसरले होते. जॉन लँडिसच्या ‘अ‍ॅन अमेरिकन वेअरवुल्फ इन लंडन’मधली (१९८१) पात्रे जुन्या ‘वुल्फ मॅन’चा दाखला देत बोलतात. महेश भट्टच्या ‘जुनून’मध्ये (१९९२) राहुल रॉय पौर्णिमेच्या रात्री वाघ होतो, प्राणी आपल्याकडचा, वेळापत्रक तिकडचे. २०१० मध्ये युनिव्हर्सलने ‘द वुल्फमॅन’ नव्याने काढला तेव्हा मूळ पटकथा कर्ट सिओडमाकची, अशी ओळ श्रेयनामावलीत दिली. नव्या लेखकांनी लॅरीला पुन्हा जमीनदाराचाच मुलगा ठेवला. दुर्बीण बसवायला आलेला परका लॅरी गिल अजून कोणी पडद्यावर आणलेला नाही.